मिर्झाची जबान

१४ मार्च १९३१ रोजी मुंबईत मॅजेस्टिक थिएटरात ‘आलम आरा’ लागला आणि हिंदुस्थानातला चित्रपट बोलू लागला. अर्देशिर इराणींच्या या पहिल्या बोलपटाचा नायक मराठी होता. मास्तर विठ्ठल हे नाव तेव्हा मूकपटाच्या दुनियेत फार मोठं होतं. त्यांनी आपली कंपनी सोडली म्हणून शारदा कंपनीने कोर्टात धाव घेतली, आणि विठ्ठलची बाजू मांडायला बॅरिस्टर जिना उभे राहिले. तलवार, घोडा, उडी, झुंज यांत या माणसाला तोड नव्हती. पण सिनेमा बोलका झाला आणि नेमक्या त्याच सिनेमात त्यांच्या तोंडचं बोलणं जमेल तितकं कमी करावं लागलं, कारण उर्दू संवाद त्यांच्या जिभेवर बसेनात. नायकाला बराच वेळ अर्धवट शुद्धीत दाखवून ती वेळ मारून नेली, असं सांगतात. ‘आलम आरा’ची एकही प्रत आज शिल्लक नाही, त्यामुळे ते पडद्यावर कसं दिसलं आणि कसं ऐकू आलं, हे पडताळायची सोय उरलेली नाही.

दहा वर्षांनी, १९४१ साली, पुण्याच्या प्रभात फिल्म कंपनीने ‘शेजारी’ काढला. त्याचीच हिंदी आवृत्ती ‘पडोसी’. गावातले दोन म्हातारे मित्र, एक हिंदू आणि एक मुसलमान. मराठीत हिंदू पाटील, जिवबा, झाले केशवराव दाते. हिंदीत ती जागा मझहर खान यांनी घेतली. मुसलमान मित्र मिर्झा मात्र दोन्हींकडे एकच. मराठी प्रेक्षकासमोर तोच आणि लाहोर-दिल्लीच्या उर्दू कानाच्या प्रेक्षकासमोरही तोच. तो नट होता गजानन जागीरदार. जन्म २ एप्रिल १९०७, अमरावती.

विठ्ठल आणि जागीरदार यांच्या मधल्या या दहा वर्षांत मराठी नटाला जबान कुठून आली? या प्रश्नाचा माग काढत गेलं की वाट पुण्या-कोल्हापुरावरून मागे मागे येत वऱ्हाडात पोचते. आमच्याकडे जागीरदारांचा उल्लेख झाला तर ‘आपल्या अमरावतीचे’ एवढ्यावर थांबतो. त्यांच्या अमरावतीचं त्यांच्या अभिनयाशी काही नातं होतं का, हे कुणी विचारत नाही. होतं, असं मला वाटतं, आणि ते इथे मांडायचं आहे.

सुरुवात रेल्वेपासून करावी लागते. ग्रेट इंडियन पेनिन्शुला कंपनीची भुसावळहून निघालेली गाडी १८६७ साली नागपूरला पोचली आणि बडनेरा, चांदूर, धामणगाव, पुलगाव ही नावं मुंबईच्या बाजारात ओळखीची झाली. या लोहमार्गाने वऱ्हाडचा कापूस बाहेर गेला. अमेरिकेतल्या यादवी युद्धाने मँचेस्टरच्या गिरण्यांना कापसाचा तुटवडा पडला होता आणि वऱ्हाडचं काळं रान एकदम सोन्याच्या भावाचं ठरलं होतं. गाठी गेल्या आणि पैसा आला. त्या पैशाच्या मागे नाटक कंपन्या आल्या. कापसाचा हंगाम आटोपला, कास्तकाराच्या आणि अडत्याच्या हातात रोकड खुळखुळू लागली की मराठी नाटक मंडळ्यांना वऱ्हाडचा दौरा आठवे. पडद्यांच्या गुंडाळ्या, पोशाखांच्या पेट्या, हार्मोनियम, स्वयंपाकाची भांडी आणि चाळीस-पन्नास माणसं असा सगळा बारदाना गाडीतून उतरे. अकोला आणि अमरावती हे मोठे मुक्काम. अमरावतीला जायला बडनेऱ्याला उतरून फाट्यावरची गाडी धरावी लागे. चांदूर रेल्वेसारखं गाव मात्र थेट मुख्य मार्गावर. मुंबईहून निघालेली कुठलीही नवी गोष्ट, मग ते वर्तमानपत्र असो, पुढारी असो की पुढे सिनेमाची रिळं, वऱ्हाडात याच फलाटांवरून शिरली.

कंपन्यांबरोबर दोन प्रकारची नाटकं आली. एक संगीत. किर्लोस्करांपासून चालत आलेली ही धारा पुढे बालगंधर्व, केशवराव भोसले, मास्टर दीनानाथ यांच्या गळ्यात पूर आल्यासारखी फुगली. दुसरी धारा गद्य नाटकाची. तिला लोकप्रियतेचं तसं भाग्य लाभलं नाही, पण नटाची परीक्षा तिथे होत असे. शाहूनगरवासी मंडळीतले गणपतराव जोशी यांनी आगरकरांच्या भाषांतरातला हॅम्लेट उभा केला तो निव्वळ बोलण्याच्या बळावर. महाराष्ट्र नाटक मंडळीने १९०७ साली खाडिलकरांचं ‘कीचकवध’ आणलं. त्यातला शब्द इतका जिवंत होता की सरकारला १९१० साली नाटकावर बंदी घालावी लागली. जागीरदारांचा जन्म त्याच १९०७ सालचा. अमरावतीत तर नाटक आणि राजकारण एकाच वाड्यात नांदत होतं. लोकमान्यांचे सहकारी दादासाहेब खापर्डे हे नाटकाचे मोठे शौकीन होते. वीर वामनराव जोशींनी इथूनच ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’ आणि ‘रणदुंदुभी’ दिली. वामनरावांची नाटकं संगीत होती खरी, तरी त्यांत पदांच्या बरोबरीने भाषणं गाजत. भाषण ऐकायला गर्दी करणाऱ्या गावात जो मुलगा वाढतो, त्याला शब्दाची फेक शिकवावी लागत नाही.

दुसरी गोष्ट मला याहून महत्त्वाची वाटते. वऱ्हाड हा मुंबई इलाख्याचा भाग नव्हता. १८५३ पर्यंत इथे निजामाचा अंमल होता. त्या वर्षी इंग्रजांनी फौजेच्या खर्चापोटी हा मुलूख आपल्या ताब्यात घेतला. १९०२ साली कायमचा पट्टा करून घेतला आणि पुढच्याच वर्षी मध्य प्रांताला जोडून टाकला. म्हणजे जागीरदार जन्मले तेव्हा अमरावतीचं सरकारी तोंड नागपूर-जबलपूरकडे होतं आणि जुनी नाळ हैदराबादशी होती. अचलपूर ही इमादशाहीची राजधानी. बाळापूर, कारंजा, अमरावती इथल्या मोहल्ल्यांत पिढ्यान्‌पिढ्या उर्दू बोलली जाते. वऱ्हाडी बोलीतच हिंदी-उर्दूचे शब्द इतके मुरलेत की ते परके आहेत हे सांगूनही पटत नाही. पुण्याच्या किंवा कोल्हापूरच्या मुलाला हिंदी शिकावी लागे. अमरावतीच्या मुलाच्या कानावर ती बाजारात पडे, आणि ती एका तऱ्हेची नसे. कापसाच्या मारवाडी अडत्याची वेगळी, मध्य प्रांतातून आलेल्या कामगाराची वेगळी, मौलवीची वेगळी. जागीरदारांनी आपल्या उर्दूचं श्रेय कशाला दिलं असतं, ते माझ्यापुढे नाही. हे अनुमान माझं आहे. पण मास्तर विठ्ठल कोल्हापूरच्या वाटेने सिनेमात आले आणि जागीरदार अमरावतीहून, हा फरक मला योगायोग वाटत नाही.

अमरावतीचा हा तरुण प्रभातकडे गेला तेव्हा सिनेमा मुका होता. १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात शांताराम, दामले, फत्तेलाल, धायबर आणि सीतारामपंत कुलकर्णी यांनी प्रभात काढली. मूकपटांत दोन दृश्यांच्या मधे पडद्यावर पाट्या येत, आणि इंग्रजी, हिंदी, मराठी, गुजराती असा एकच मजकूर तीन-चार भाषांत दिसे. प्रभातमध्ये जागीरदारांचा प्रवेश झाला तो या इंग्रजी पाट्या लिहिण्याच्या कामातून. पुढे ज्याची ओळख आवाजाने झाली, तो सिनेमात आला मुक्या चित्रांना शब्द पुरवणारा लेखक म्हणून. त्या काळी तंबूतल्या खेळात प्रेक्षकांमध्ये वाचता येणारे मोजके असत. मग कुणीतरी मोठ्याने पाट्या वाचून दाखवी आणि तंबूभर ते वाक्य फिरे. सिनेमा बोलू लागण्याच्या आधीसुद्धा प्रेक्षकाला शब्द ऐकायची भूक होतीच.

‘आलम आरा’नंतर वर्षभरात प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ काढला. फेब्रुवारी १९३२. गोविंदराव टेंबे हरिश्चंद्र, दुर्गा खोटे तारामती. या एका चित्रपटात सुरुवातीच्या बोलपटाच्या दोन्ही अडचणी आणि दोन्ही सोयी दिसतात. पहिली गोष्ट गाण्याची. पार्श्वगायन अजून आलेलं नव्हतं. कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने ते १९३५ साली रुळवलं. तोवर जो नट पडद्यावर दिसणार त्यानेच कॅमेऱ्यासमोर गायचं, साथीदारांनी सेटच्या आडोशाला बसून वाजवायचं आणि मायक्रोफोनने सगळं एका झटक्यात टिपायचं. चूक झाली की पुन्हा पहिल्यापासून. त्यामुळे कंपन्यांनी पहिल्यांदा हात टाकला तो संगीत रंगभूमीवर. टेंबे तिथलेच. १९३५ मध्ये खुद्द बालगंधर्व ‘धर्मात्मा’त एकनाथ झाले. गळा नसलेल्या नटाने नायक व्हायचं स्वप्न पाहू नये, असाच तो काळ.

दुसरी गोष्ट भाषेची. मूकपट देशभर चाले, पाट्या बदलल्या की झालं. बोलपट मराठी केला की त्याची बाजारपेठ आटली. म्हणून प्रभातने एकाच सेटवर, एकाच पोशाखात आधी मराठी आणि मग हिंदी असे प्रसंग दोनदा चित्रित करायची पद्धत पाडली. निर्मात्याच्या दृष्टीने हा खर्चाचा हिशोब होता, नटाच्या दृष्टीने मात्र भलतंच संकट. सकाळी मराठीत रडायचं आणि दुपारी हिंदीत तेच रडणं पुन्हा आणायचं. ज्यांना ते जमेना त्यांच्या जागी हिंदीत दुसरा नट घ्यावा लागे. १९३४ च्या ‘अमृतमंथन’मधला राजगुरू मराठीत केशवराव दाते यांनी केला, हिंदीत चंद्रमोहन यांनी, आणि चंद्रमोहन यांच्या त्या घाऱ्या डोळ्यांनी सगळ्या उत्तर हिंदुस्थानावर मोहिनी घातली.

केशवराव दाते यांच्यावर इथे थोडं थांबलं पाहिजे, कारण जागीरदार ज्या वाटेने पुढे गेले ती वाट त्यांनी आखली. दाते महाराष्ट्र नाटक मंडळीत, म्हणजे गद्य नाटकात तयार झाले. १ जुलै १९३३ रोजी ‘नाट्यमन्वंतर’ने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणली आणि टाळीसाठी थांबायचं नाही, प्रेक्षकाकडे बघून बोलायचं नाही, समोरच्या पात्राशी बोलायचं, हा साधा पण त्या काळी अवघड धडा मराठी नटाला दिला. दाते त्या प्रयोगाच्या केंद्रस्थानी होते. चार वर्षांनी ‘कुंकू’त त्यांनी तरुण मुलीशी लग्न केलेला म्हातारा वकील केला. त्या चित्रपटात पार्श्वसंगीत वापरलेलं नाही. घड्याळाचा ठोका, काठीचा आवाज, माणसाचा श्वास असे खरेखुरे ध्वनी आहेत आणि त्यांत दात्यांचं दबलेलं बोलणं. दोन्ही भाषांत तेच. गाण्याच्या जोरावर उभ्या असलेल्या बोलपटात निव्वळ बोलणाऱ्या नटाची जागा पक्की झाली ती इथे. रंगभूमीवर शेवटच्या रांगेपर्यंत आवाज पोचवायची धडपड असे. मायक्रोफोनने ती धडपड संपवली. कुजबुज पोचू लागली. ज्यांना हे आधी उमगलं ते टिकले, बाकीचे कितीही मोठे असले तरी ओरडत राहिले.

जागीरदारांनी हा काळ शिकण्यात घालवला. भालजी पेंढारकरांचे सहायक म्हणून काम केलं, १९३४ मध्ये ‘सिंहासन’चं दिग्दर्शन केलं. १९४१ मध्ये आचार्य अत्र्यांच्या ‘पायाची दासी’ची सूत्रं त्यांच्या हाती होती, सासू-सुनेच्या त्या कथेत दुर्गा खोटे आणि वनमाला होत्या. पुढच्या वर्षी त्यांनी अत्र्यांसाठीच ‘मृच्छकटिका’वर आधारलेला ‘वसंतसेना’ केला. नट आणि दिग्दर्शक ही दोन्ही कामं त्यांच्यात एकत्र वाढली, आणि त्याचा त्यांच्या अभिनयावर परिणाम झाला असं मी मानतो. ते कुठल्याही प्रसंगात स्वतःला गरजेपेक्षा जास्त जागा देत नाहीत.

आता ‘शेजारी’. कथा लिहिली विश्राम बेडेकरांनी, आणि बेडेकरही अमरावतीचे, जन्म १९०६. एका शहरात वर्षभराच्या अंतराने जन्मलेले दोघे पुण्यात एका चित्रपटात भेटले, एकाने मिर्झा लिहिला आणि दुसऱ्याने तो केला. बेडेकर तोवर ‘रणांगण’ लिहून बसले होते. युरोपातून परतणाऱ्या बोटीवरची ती कादंबरी आहे, ज्यू मुलीची आणि येऊ घातलेल्या महायुद्धाची. द्वेष माणसांना कसा वेगळा करत जातो, हे त्यांनी जवळून पाहिलं होतं. ‘शेजारी’त तोच द्वेष एका खेड्यात उतरतो. जिवबा आणि मिर्झा हे गावचे वडीलधारे, दोन शरीरं आणि एक जीव असे. गावात धरण बांधायला उद्योगपती येतो, गावकरी आडवे येतात, आणि त्या धूर्त माणसाला कळतं की या दोघांत फूट पाडली की गाव आपलं झालं. फूट पडते. शेवटी फुटत्या धरणावर दोघे मित्र एकमेकांचा हात धरून जीव देतात. मुस्लिम लीगच्या लाहोर ठरावाला तेव्हा फार काळ लोटलेला नव्हता.

दिग्दर्शक शांताराम यांनी हिंदी आवृत्तीत एक धाडस केलं. हिंदू ठाकूर केला मुसलमान नटाने, मझहर खान यांनी. आणि मुसलमान मिर्झा केला हिंदू नटाने. कथेत जे सांगायचं होतं ते भूमिकांच्या वाटपातच सांगून टाकलं. पण हे धाडस तेव्हाच अंगी लागतं जेव्हा प्रेक्षकाला ते खटकत नाही. लखनौ-लाहोरचा प्रेक्षक भाषेच्या बाबतीत फार हळवा. एका ‘क़ाफ’चा उच्चार घसरला तरी त्याला कळणार की हा आपला नव्हे. जागीरदार तेव्हा तिशीत होते. दाढी लावून, खांदे पाडून, वयाने दुप्पट झालेला हा अमरावतीकर त्या प्रेक्षकासमोर उभा राहिला आणि मिर्झा म्हणून मान्य झाला.

चित्रपट आज पाहताना मला सगळ्यात जाणवतं ते मिर्झाचं थांबणं. तो वाक्य पुरं करण्याआधी क्षणभर अडतो. मित्रावरचा राग आधी नजरेत येतो आणि मग शब्दात, आणि शब्द येईपर्यंत राग निम्मा ओसरून त्याचं दुःख झालेलं असतं. मराठीत त्याच्या बोलण्याला एक हेल आहे. गावात जन्म काढलेल्या, मराठी मनापासून बोलणाऱ्या पण घरात उर्दू असलेल्या माणसाचा तो हेल आहे. नाटकांत तोवर मुसलमान पात्र म्हटलं की मोडकं मराठी हमखास हशा पिकवण्यासाठी येई. मिर्झाच्या मराठीला कुणी हसत नाही. चांदूरच्या, धामणगावच्या बाजारात असे चाचा आम्ही सगळ्यांनी ऐकलेले आहेत. पुण्यात बसून हा हेल कल्पनेने काढता येत नाही.

‘शेजारी’नंतर लवकरच शांताराम प्रभातमधून बाहेर पडले. कंपनीचा कणा गेला. अशा पडत्या काळात दामले-फत्तेलालांनी ‘रामशास्त्री’ हाती घेतला. दिग्दर्शनाच्या संदर्भात राजा नेने, विश्राम बेडेकर आणि जागीरदार अशी तीन नावं या चित्रपटाशी जोडलेली आहेत; पण तो पुरा झाला जागीरदारांच्या हातून आणि नायकही तेच. चित्रपट १९४४ साली प्रदर्शित झाला, याही वेळी दोन भाषांत. माहुलीचा अडाणी पोर रामा काशीला जाऊन शास्त्री होऊन येतो आणि पुण्याच्या न्यायासनावर बसतो. बालपण अनंत मराठे आणि बेबी शकुंतला यांनी केलं आहे. आनंदीबाई आहेत ललिता पवार. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्यांचा खून झाला, आणि खुनाच्या कटात सापडलेल्या राघोबादादांना, म्हणजे सत्तेवर बसलेल्या माणसाला, देहान्त प्रायश्चित्त सांगून शास्त्री पुणं सोडून निघून गेले, ही हकिगत प्रत्येक मराठी मुलाने शाळेत ऐकलेली. अशी भूमिका करणं धोक्याचं असतं. पुढे काय होणार ते सगळ्यांना ठाऊक असतं, आणि वाक्य कुठल्या सुरात यायला हवं तेही प्रेक्षक घरून ठरवून आलेला असतो.

जागीरदारांनी तो सूर खाली आणला. निकाल सांगताना त्यांचा आवाज चढत नाही. न्यायाधीश चिडला तर ते सूड वाटेल, म्हणून शास्त्री दरबारात सर्वांत शांत माणूस आहे. मला हा मराठी बोलपटातला गद्य अभिनयाचा कळस वाटतो, आणि यात गणपतराव जोशींपासून केशवराव दात्यांपर्यंतची सगळी पुंजी जमा झालेली दिसते. तो काळही आठवावा. १९४२ च्या ऑगस्टमधल्या ‘चले जाव’ चळवळीला दोनच वर्षं झाली होती. आमच्या जिल्ह्यातल्या यावली आणि बेनोडा या गावांच्या नावांना तेव्हापासून ‘शहीद’ जोडलं गेलं. पलीकडे आष्टी आणि चिमूर. वऱ्हाडातल्या प्रेक्षकाला राजसत्तेच्या तोंडावर गुन्हेगार ठरवणारा न्यायाधीश पडद्यावर दिसला तेव्हा त्याला अठरावं शतक दिसलं असेल असं मला वाटत नाही.

अमरावतीने याच काळात सिनेमाला तिसरा माणूस दिला, त्याची नोंद करून पुढे जातो. भगवान पालव, मास्टर भगवान, जन्म १९१३, अमरावती. गिरणी कामगाराचा हा मुलगा मुंबईत वाढला, मूकपटात शिरला, कुस्ती-मारामारीच्या स्वस्त चित्रपटांवर जगला आणि १९५१ च्या ‘अलबेला’त असा नाचला की पुढच्या कित्येक नायकांनी त्याची चाल उचलली. भगवानदादांकडे शब्द गौण आणि शरीर मुख्य. विठ्ठल यांच्या परंपरेचा तो खरा वारस. त्यांच्यावर निराळा लेख हवा.

पन्नाशीच्या दशकात प्रभात बंद पडली. जागीरदार हिंदी चित्रपटांत वडील, मास्तर, गावकरी करू लागले, अधूनमधून दिग्दर्शन करत राहिले. १९६१ चा ‘वैजयंता’ त्यांचा. त्याच वर्षीच्या ‘हम दोनो’त ते आहेत, ‘गाइड’मध्ये राजूला साधू समजून त्याच्यावर श्रद्धा ठेवणारा भोला त्यांनीच केला. या वीस-पंचवीस वर्षांतल्या बऱ्याच भूमिका त्यांच्या योग्यतेच्या नव्हत्या, आणि त्यांवर फार लिहिण्यात अर्थ नाही. पण मधे एक काम त्यांच्या वाट्याला आलं ते सगळ्यांहून दूरवर पोचलं. सरकारने १९६० मध्ये फिल्म इन्स्टिट्यूट स्थापन केली ती पुण्यात, प्रभातच्याच जागेवर. ज्या आवारात ‘शेजारी’ आणि ‘रामशास्त्री’ झाले त्या आवारात देशाची चित्रपट शिक्षणसंस्था उभी राहिली आणि तिचे पहिले प्राचार्य झाले गजानन जागीरदार. सिनेमातला अभिनय तोवर घराण्याने नाहीतर कंपनीत पडेल ते काम करून शिकायची गोष्ट होती. तो वर्गात शिकवता येतो, असं म्हणायला पहिल्यांदा जो माणूस उभा राहिला तो स्वतः पाट्या लिहिण्यापासून चढत आलेला होता. त्यांची तिथली कारकीर्द थोडकी ठरली, पण संस्था राहिली. अभिनयावर त्यांनी लिहिलंही, आणि ‘पाऊलखुणा’ हे आत्मचरित्र मागे ठेवलं.

१९८१ चा ‘उमराव जान’ ज्यांनी पाहिला असेल त्यांना कोठ्यावरचे म्हातारे मौलवी आठवत असतील. पळवून आणलेल्या मुलीला अलिफ-बे शिकवणारे. ते जागीरदार. मिर्झाला चाळीस वर्षं झाली होती, आता दाढी खरी पांढरी होती आणि लखनौच्या तहजीबीवर बेतलेल्या चित्रपटात उर्दूचा उस्ताद म्हणून दिग्दर्शक मुझफ्फर अली यांनी अमरावतीच्या या मराठी नटाला निवडलं होतं. विठ्ठल यांच्या अडलेल्या जिभेपासून इथवर यायला पन्नास वर्षं लागली. पुढे त्यांनी दूरदर्शनसाठी रणजित देसाईंच्या ‘स्वामी’ची मालिका दिग्दर्शित केली. रवींद्र मंकणी माधवराव आणि मृणाल देव, आताच्या मृणाल कुलकर्णी, रमाबाई. ज्या पेशव्याच्या दरबारात रामशास्त्री बसत, त्या पेशव्याकडे ते पुन्हा गेले, या वेळी कॅमेऱ्यामागून. मराठी घरांत टीव्हीसमोर बसून ‘स्वामी’ बघितलेली पिढी आज पन्नाशी-साठीत आहे. १९८८ साली जागीरदार गेले.

वऱ्हाडातल्या वाचकांना एक विनंती आहे. बोलपटाच्या पहिल्या वीस वर्षांचा इतिहास आपल्याकडे मुंबई-पुणे-कोल्हापूर या तीन नावांत लिहिला गेला. तो पाहणाऱ्यांचा इतिहास मात्र बहिरमच्या जत्रेतल्या तंबूत, कौंडण्यपूरच्या यात्रेत, चांदूर-धामणगावच्या मैदानांवर इंजिनाच्या धडधडाटात चाललेल्या टुरिंग टॉकीजमध्ये आहे, आणि त्याची कागदपत्रं आपल्याच घरांत कपाटाच्या तळाशी पडलेली असतील: चार पानी गाण्यांच्या चोपड्या, खेळाची हँडबिलं, तिकिटांचे तुकडे, वितरकाशी झालेला पत्रव्यवहार, जिनिंगच्या हिशोबाच्या वहीत लिहिलेला सिनेमाचा खर्च. घर पाडताना किंवा दिवाळीच्या साफसफाईत असं काही हाती लागलं तर ते रद्दीत घालू नका. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून हेच जपायचं काम करतं. तिथे पाठवा, किंवा निदान गावच्या वाचनालयात नाव-सालासह नोंद करून ठेवा. आणि ‘शेजारी’ पाहिला नसेल तर आवर्जून पाहा, घरातल्या मोठ्यांना सोबत घेऊन.